सुरुवातीच्या टीव्हीवरचे 'आयटम' करणारे कलाकार : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी भागातल्या हौशी नाट्यसंस्था, गणेशोत्सव मंडळं आणि शाळा-कॉलेजच्या स्नेहसंमेलनांत काम करणाऱ्यांना हा विषय जवळचा वाटतो. नकला, बोलक्या बाहुल्या, जादू, कसरती हे सगळं आपल्याकडे मंडपात रंगतं. तेच प्रकार १९४८नंतर अमेरिकेत आणि १९७२नंतर मुंबईत टीव्हीवरच्या 'व्हरायटी शो'सारख्या कार्यक्रमांत गेले, तेव्हा ते करणाऱ्यांच्या कारकिर्दीचं काय झालं, याबद्दलचे प्रश्न इथे एकत्र केले आहेत.

व्हरायटी शो म्हणजे आपला ऑर्केस्ट्राच ना?

अर्धाच. ऑर्केस्ट्रात गाणी मुख्य असतात आणि मिमिक्री मधल्या जागा भरते. व्हरायटी शोमध्ये प्रत्येक आयटमचा मान सारखा. गायिका, कसरतपटू, विनोदी जोडी, कुत्र्यांचे खेळ, ऑपेरातला एखादा तुकडा असं सगळं एकापाठोपाठ येतं. एका आयटमचा दुसऱ्याशी संबंध नसतो, त्यांना बांधून ठेवतो तो निवेदक. एक आयटम साधारण तीन ते आठ मिनिटांचा. या कलाकारांची सगळी कारकीर्द याच मिनिटांवर उभी होती. पुढची बरीचशी उत्तरंही फिरून तिथेच येतात.

सुरुवात नेमकी कधी झाली?

अमेरिकेत १९४८च्या उन्हाळ्यात. ८ जूनला एनबीसी वाहिनीवर 'टेक्साको स्टार थिएटर' सुरू झालं आणि विनोदकार मिल्टन बर्ल त्याचा चेहरा झाला. २० जूनला सीबीएस वाहिनीवर एड सलिव्हनचा कार्यक्रम आला. सुरुवातीला त्याचं नाव 'टोस्ट ऑफ द टाउन' होतं, १९५५मध्ये ते 'द एड सलिव्हन शो' झालं. तो १९७१पर्यंत चालला. सलिव्हन स्वतः वृत्तपत्रात स्तंभ लिहिणारा माणूस. गाणं, नाच, विनोद यातलं त्याला काही येत नव्हतं, पण कुणाला किती मिनिटं द्यायची हे तो ठरवायचा आणि खरी सत्ता तीच होती.

भारतात दिल्ली केंद्र १५ सप्टेंबर १९५९ला आणि मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. मराठीत विनायक चासकरांचा 'गजरा' आणि याकूब सईद-बबन प्रभूंचा 'हास-परिहास' हे या प्रकाराच्या सगळ्यात जवळचे. लहान प्रहसनं, मोजकं नेपथ्य, घट्ट वेळ.

हे कलाकार टीव्हीवर कुठून आले?

'वॉडव्हिल' नावाच्या फिरत्या रंगभूमीवरून, रात्रीच्या क्लबांतून, डोंगराळ भागातल्या सुट्टीच्या हॉटेलांतून आणि रेडिओवरून. वॉडव्हिलमध्ये कलाकार गावोगाव फिरायचा. दर आठवड्याला नवं गाव, नवे प्रेक्षक, आयटम मात्र तोच. बारा मिनिटांचा एक पक्का आयटम कित्येक वर्षं पोट भरायचा. आपल्याकडे एखादा भारूडकार तेच भारूड वीस वर्षं गावोगाव करतो आणि प्रत्येक ठिकाणी ते रंगतं, अगदी तसंच.

मग टीव्हीमुळे त्यांचं भलं झालं की नुकसान?

दोन्ही. बऱ्याच जणांच्या बाबतीत एकाच रात्री. टीव्हीवर तो आयटम सगळ्या गावांनी एकदम पाहिला. दुसऱ्या दिवशी नाव सर्वतोमुखी, पण जवळची शिदोरी संपलेली. पुढच्या बोलावण्याला नवं काय करायचं? वर्षानुवर्षं घासूनपुसून तयार केलेली बारा मिनिटं परत जमवायला पुन्हा वर्षंच लागतात आणि बोलावणं येतं महिन्याभरात.

यातून तीन प्रकारचे लोक टिकले. पहिले, पाठीशी लेखकांचा ताफा असलेले. सिड सीझर आणि इमोजीन कोका यांचा 'युअर शो ऑफ शोज' २५ फेब्रुवारी १९५० ते ५ जून १९५४ दर शनिवारी नव्वद मिनिटं थेट प्रक्षेपित व्हायचा. मेल टॉल्किन, ल्युसिल कॅलन, मेल ब्रुक्स, नील सायमन अशी लेखक मंडळी दर आठवड्याला नवं लिहायची. दुसरे, गायक. गाणं पुन्हा ऐकायला लोक कंटाळत नाहीत, विनोद पुन्हा ऐकायला कंटाळतात. तिसरे, ज्यांचं कौशल्य पुन्हा पाहण्यात मजा होती असे, म्हणजे ताटल्या फिरवणारे, बाहुल्यावाले, कसरतपटू.

पु. ल. देशपांडे काही काळ बेळगावच्या राणी पार्वतीदेवी कॉलेजात शिकवत होते, हे इथल्या लोकांना ठाऊक आहेच. पुढे दिल्लीच्या टीव्हीच्या अगदी सुरुवातीच्या काळात त्यांनी काम केलं आणि त्यानंतर ते एकपात्रीसाठी रंगमंचाकडे वळले. रंगमंचावर तोच प्रयोग शेकडो वेळा करता येतो. विनोद करणाऱ्यासाठी ही फार मोठी सोय आहे.

एका आयटमची तयारी कशी व्हायची?

सलिव्हनच्या कार्यक्रमाची पद्धत समजून घेण्यासारखी आहे. आठवडाभरात आयटम ठरायचे, त्यांचा क्रम लागायचा, वाद्यवृंदाला संगीताचे कागद जायचे. मग कॅमेरा तालीम. कलाकार कुठे उभा राहणार, किती पावलं चालणार, कुठे वळणार याच्या खुणा जमिनीवर केल्या जायच्या. खूण चुकली की माणूस चौकटीबाहेर जातो आणि वरून लोंबणाऱ्या माइकपासूनही लांब जातो. रविवारी दुपारी खऱ्या प्रेक्षकांसमोर पूर्ण रंगीत तालीम. त्यात काय चाललं, काय पडलं हे पाहून सलिव्हन क्रम बदलायचा, मिनिटं कापायचा, कधी अख्खा आयटम काढून टाकायचा. रात्री आठला थेट प्रक्षेपण.

सगळ्यात जास्त जीव जायचा तो दुपार ते रात्र या वेळात. सहा मिनिटांचे चार करा म्हटलं की गायक एक कडवं गाळतो. विनोदकाराला मात्र ते तितकं सोपं नसतं. पहिल्या मिनिटात पेरलेली गोष्ट पाचव्या मिनिटाला उगवत असते. मधली दोन मिनिटं गेली की शेवटच्या वाक्याला कुणी हसत नाही, कारण हसायचं कारणच कापलं गेलेलं असतं.

९ फेब्रुवारी १९६४ हे याचं ठळक उदाहरण. त्या रात्री बीटल्स हा इंग्लंडचा गायक-वादकांचा चमू पहिल्यांदा आला आणि सुमारे ७ कोटी ३० लाख लोकांनी कार्यक्रम पाहिला. त्याच कार्यक्रमात मिट्झी मकॉल आणि चार्ली ब्रिल ही नवी विनोदी जोडी होती. रंगीत तालमीनंतर त्यांना आयटम बदलायला सांगण्यात आलं. आयत्या वेळी बदललेला आयटम, आणि समोर बीटल्ससाठी किंचाळणाऱ्या मुली. तो पडला. एवढे प्रेक्षक लाभूनही त्या रात्रीचा त्यांना फायदा झाला नाही.

वेळ संपत आल्याचं कलाकाराला कसं कळायचं?

हाताच्या खुणांनी. कॅमेऱ्याशेजारी फ्लोअर मॅनेजर उभा असतो. वर केलेली बोटं म्हणजे उरलेली मिनिटं. हवेत गोल फिरणारं बोट म्हणजे आवरतं घ्या. दोन्ही हातांनी रबर ताणल्यासारखी खूण म्हणजे लांबवा. गळ्यावरून आडवा हात म्हणजे थांबा. कलाकारानं खूण पाहायची, पण पाहिल्याचं चेहऱ्यावर दिसू द्यायचं नाही.

या खुणांवरून एका माणसाची कारकीर्द अडली होती. १८ ऑक्टोबर १९६४ला राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांच्या भाषणामुळे कार्यक्रमाची वेळ आकसली. विनोदकार जॅकी मेसन बोलत असताना सलिव्हननं कॅमेऱ्यामागून बोटांनी मिनिटं दाखवली. प्रेक्षकांचं लक्ष तिकडे गेलं, तेव्हा मेसननं त्या बोटांचीच नक्कल सुरू केली. त्यात एक खूण अश्लील होती असं सलिव्हनला वाटलं आणि त्यानं मेसनचा सहा कार्यक्रमांचा, ४५,००० डॉलरचा करार मोडला. प्रकरण कोर्टात गेलं. १९६६मध्ये मेसन पुन्हा त्या कार्यक्रमात आला, पण मधली दोन वर्षं गेली ती गेलीच.

मंडळाच्या कार्यक्रमात ही पद्धत जरूर वापरा. घड्याळ धरणारा एक माणूस पहिल्या रांगेत मधोमध बसवा, विंगेत नको. विंगेत पाहायला कलाकाराला मान वळवावी लागते आणि मान वळली की प्रेक्षकही तिकडेच पाहतात.

कृष्णधवल टीव्हीसाठी कपडे कसे निवडायचे?

रंगावर जाऊ नका, उजेड-अंधार पाहा. लाल आणि हिरवा आपल्या डोळ्यांना कितीही वेगळे वाटले तरी दोन्ही सारखेच गडद असतील तर पडद्यावर एकच राखाडी रंग दिसतो. शहापूरच्या साडीचा उठून दिसणारा लाल काठ हिरव्या अंगात विरघळून जायचा. फिकट अंग आणि गडद काठ चालायचा.

पांढराशुभ्र सदराही त्रासाचा. तेव्हाच्या कॅमेऱ्याच्या नळीला फार उजळ वस्तू सोसायची नाही, तिच्याभोवती काळपट कडं दिसायचं. उजळ वस्तूवर कॅमेरा बराच वेळ स्थिर राहिला तर तिची पुसट छाया पुढच्या दृश्यातही राहायची. म्हणून मोतिया किंवा फिकट निळा सदरा घालायचे. बारीक रेघांचं कापड टाळायचे, कारण चित्र स्वतःच आडव्या रेघांनी बनलेलं असतं आणि दोन्ही रेघा एकमेकींत मिसळून कापड थरथरल्यासारखं दिसतं. चकचकीत दागिना असेल तर त्यावर पावडर लावून चमक मारायची.

कुठले आयटम टीव्हीवर चालायचे, कुठले पडायचे?

*ताटल्या फिरवणं* उत्तम चालायचं. एरिक ब्रेन सुमारे चार फुटी काठ्यांवर पाच काचेचे वाडगे फिरवत ठेवायचा आणि त्याच वेळी टेबलावर ताटल्याही फिरवायचा. यात ताण आपोआप येतो. पाचवा वाडगा लावेपर्यंत पहिला डुलायला लागलेला असतो आणि ते कलाकाराआधी प्रेक्षकाला दिसतं. एक अडचण मोठी, हा आयटम मधे कापता येत नाही.

शिकायचं असेल तर काठी साधारण एक मीटर, टोकाकडे निमुळती घ्या. ताटलीच्या खाली कड किंवा मधे खळगा हवा. घरातली सपाट बुडाची स्टीलची ताटली घसरते. सुरुवात प्लास्टिकच्या ताटलीनं करा. काठी उभी धरून ताटलीची खालची कड टोकाला अडकवा आणि मनगटानं लहान गोल काढायला लागा. हात फिरवू नका, मनगटच. वेग वाढला की ताटली आडवी होते. त्या क्षणी मनगट एकदम थांबवा, म्हणजे टोक सरकून मधे बसतं. गोल मोठा काढला की ताटली उडून जाते, सगळ्यांची पहिली चूक हीच. मंडपात फिरवायची तर वरचा पंखा बंद ठेवा.

*शब्दभ्रम*, म्हणजे बोलक्या बाहुल्या. मंडपात चौथ्या रांगेतून ओठ दिसत नाहीत, टीव्ही मात्र चेहरा जवळून दाखवतो. प, फ, ब, भ, म हे ओठ मिटल्याशिवाय निघत नाहीत. यावर दोन उपाय. बाहुलीच्या संवादात ही अक्षरं कमी ठेवायची, बाहुलीला 'मामा', 'बाबा' म्हणायला न लावता 'काका', 'दादा' म्हणायला लावायचं. जिथे टाळता येत नाही तिथे म-ऐवजी दातांमागे जीभ लावून न-च्या जवळचा आवाज आणि ब-ऐवजी द-च्या जवळचा आवाज काढायचा, तोही भरभर, म्हणजे ऐकणारा मनातच दुरुस्त करून घेतो. यशवंत पाध्ये यांचा अर्धवटराव रामदास पाध्ये यांनी दूरदर्शनवरून घरोघरी नेला. जवळच्या कॅमेऱ्यासमोर ओठ स्थिर कसे ठेवायचे, हे मराठी शिकणाऱ्याला त्यांच्याइतकं चांगलं दुसरीकडे पाहायला मिळणार नाही.

स्पेनचे सेन्योर वेन्सेस वेगळ्या वाटेनं गेले. मुठीवर लिपस्टिकनं तोंड रंगवायचं, वर केस आणि खाली छोटं अंग लावायचं, झाली बाहुली. सामान जवळजवळ नाही, आणि जवळून पाहताना मजा अधिक.

*टोपो जिजिओ*, हा इटलीचा उंदीर, १९६२पासून सलिव्हनकडे यायचा. काळ्या मखमली पडद्यापुढे काळे कपडे घातलेली माणसं त्याला चालवायची. उजेड फक्त बाहुलीवर. ही युक्ती मंडपातही जमते, पण काळं कापड खरोखर काळं हवं. पॉलिस्टर चमकतं आणि हात दिसतात.

*जादू* कठीण. रंगमंचावर प्रेक्षक समोर असतो, स्टुडिओत एक कॅमेरा बाजूलाही असतो. जादूगाराला प्रत्येक कॅमेऱ्याची जागा आधी माहीत नसेल तर घात ठरलेला. उंचावरची *कसरत* मात्र पडायची, ती छोट्या चौकटीमुळे. उंचावरची उडी दाखवायला कॅमेरा मागे घेतला की तेव्हाच्या छोट्या पडद्यावर माणूस मुंगीएवढा दिसायचा.

पैसे किती मिळायचे?

फरक प्रचंड होता. गायक एल्व्हिस प्रेस्लीला १९५६-५७मध्ये सलिव्हनकडच्या तीन कार्यक्रमांचे ५०,००० डॉलर मिळाले, बीटल्सना १९६४मध्ये तीन कार्यक्रमांचे १०,०००. मिल्टन बर्लशी एनबीसीनं १९५१मध्ये वर्षाला २,००,००० डॉलर असा तीस वर्षांचा करार केला. ऐकायला सोन्याची खाण, पण त्या करारानं त्याला दुसऱ्या वाहिनीवर जायची बंदी होती. त्याचा नियमित कार्यक्रम १९५६मध्ये संपला. शेवटी १९६५मध्ये त्यानं कमी रक्कम घेऊन मोकळीक मिळवली. साध्या आयटमवाल्याचं खरं उत्पन्न टीव्हीच्या मानधनात नव्हतंच. टीव्हीवर दिसल्यानंतर क्लब आणि हॉटेलं जो वाढीव दर द्यायची, त्यात ते होतं.

चांगलं काम करूनही कुणाची कारकीर्द तुटली का?

हो, आणि ते नुसतं आयटम पडल्यामुळे नव्हतं. पियानोवादक हेझल स्कॉट हिचा डुमाँट वाहिनीवर १९५०च्या उन्हाळ्यात स्वतःचा कार्यक्रम होता. कृष्णवर्णीय अमेरिकन स्त्रीला असा मान पहिल्यांदाच मिळाला होता. 'रेड चॅनल्स' नावाच्या यादीत कम्युनिस्ट असल्याच्या संशयितांत तिचं नाव आलं. तिनं २२ सप्टेंबरला संसदीय समितीपुढे जाऊन आरोप फेटाळले. आठवड्याभरात कार्यक्रम बंद झाला. कृष्णवर्णीय गायक नॅट किंग कोलचा कार्यक्रम नोव्हेंबर १९५६ ते डिसेंबर १९५७ असा वर्षभर चालला. बडे पाहुणे कमी पैशांत यायला तयार होते, पण गोऱ्या ग्राहकांच्या नाराजीच्या भीतीनं देशपातळीवर एकही प्रायोजक पुढे आला नाही. कला उणी पडली असती तर समजून घेता आलं असतं. हा निव्वळ अन्याय होता.

आपल्या भागात दोन भाषांचे प्रेक्षक असतात. व्हरायटीतून काय घेता येईल?

भाषा न लागणारा आयटम. सलिव्हनकडे युरोपभरचे कसरतपटू, जादूगार, बाहुल्यावाले यायचे ते याच जोरावर. शहापूर-वडगावात किंवा चिकोडीकडे मंडपात निम्मे लोक कन्नड आणि निम्मे मराठी बोलणारे असतात. पहिला आयटम शब्दांविना ठेवा. वॉडव्हिलमध्येही हाच नियम होता. लोक अजून येत असतात, खुर्च्या सरकत असतात, तेव्हा बोललेलं वाया जातं. ताटल्या किंवा कसरत आधी, मग गाणं, मग विनोद. सगळ्यात वजनदार कलाकार शेवटून दुसरा. शेवटी पुन्हा डोळ्यांचा आयटम, म्हणजे उठून निघालेल्यांचा त्रास त्याला कमी होतो.

लिहिताना मिनिटाला शंभर शब्द धरा. एवढ्यात हशाला जागा उरते. मंडपातला हशा मागच्या रांगेपर्यंत पोचून विरायला काही सेकंद लागतात, तोवर पुढचं वाक्य टाकू नका. आणि ध्वनिक्षेपक रात्री दहाला बंद करावा लागतो. सणांच्या काही ठरावीक दिवशी सरकार बारापर्यंत मुभा देतं, त्या वर्षीचा आदेश पोलीस ठाण्यात पाहून घ्या. कार्यक्रम दहाला संपवायचा असेल तर आयटमची बेरीज साडेनऊलाच संपली पाहिजे. माइक लावणं, सत्कार, आभार यांत उरलेला अर्धा तास जातोच.

मुंबई दूरदर्शनचे ते कार्यक्रम तेव्हा बेळगावात दिसायचे का?

सुरुवातीच्या वर्षांत नाही. टीव्हीच्या लहरी साधारण नजरेच्या टप्प्यात जातात आणि मुंबई इथून जवळपास ५०० किलोमीटर. १९८०च्या दशकात इन्सॅट उपग्रह आणि कमी शक्तीची प्रक्षेपण केंद्रं आल्यावर लहान शहरांत टीव्ही पसरला. तोवर इथल्या लोकांना ते कलाकार भेटले ते आकाशवाणीवर, नाटकांच्या दौऱ्यांत आणि मासिकांतल्या फोटोंत.

जुनी चित्रफीत इतकी कमी का उरली आहे?

१९४८च्या सुमाराला थेट प्रक्षेपण साठवायची एकच वाट होती. टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा ठेवून चित्र घ्यायचं, याला किनेस्कोप म्हणतात. कडा वाकलेल्या, चित्र मऊ आणि लुकलुकणारं दिसलं तर तो किनेस्कोप समजा. १९५६मध्ये अँपेक्स कंपनीचं दोन इंच रुंद टेपचं यंत्र आलं. चित्र सुधारलं, पण टेप महाग, म्हणून ती पुसून पुन्हा वापरली जाऊ लागली.

उरलेलं कुठे आणि कसं पाहावं?

सलिव्हनचे बरेच आयटम यूट्यूबच्या अधिकृत वाहिनीवर आहेत आणि दूरदर्शनचे जुने तुकडे प्रसार भारतीच्या वाहिनीवर. एक आयटम तीनदा पाहा. पहिल्यांदा नुसता. दुसऱ्यांदा घड्याळ लावून, पहिला हशा किंवा पहिली टाळी कितव्या सेकंदाला येते ते लिहा. तिसऱ्यांदा आवाज बंद करून, आणि कलाकाराचे डोळे कॅमेऱ्याच्या शेजारी क्षणभर कधी जातात ते शोधा. बहुतेक वेळा तिथे बोटं वर झालेली असतात.